डावीकडचे चार इंच

मेश्रामभाऊ मला एरवी ‘बे परकार’ म्हणायचे. ‘परकारसाहेब’ म्हणाले की समजायचं, आपल्या हातून काहीतरी मोठं होऊन गेलेलं आहे. बहरीनमधल्या सलमाबादच्या त्या वर्कशॉपात मी चार वर्षं काढली आणि त्यातली निम्मी साहेबपदावर काढली.

वर्कशॉप फ्रेमिंगचं. एका अंगाला गाड्यांचं डेंटिंग, दुसऱ्या अंगाला ॲल्युमिनियमच्या खिडक्या, आणि त्या ठोकाठोकीच्या मध्ये आम्ही. पुढच्या टेबलावर ऑर्डरी घ्यायला मी; मागं पार्टिशनच्या आड आठ फुटी टेबल आणि त्यावर वाकलेले मेश्रामभाऊ. मी मूळ म्हसळ्याचा. आमच्या घरातले पुरुष तीन पिढ्या आखातात येताहेत आणि तीन पिढ्यांत कोणालाही पट्टी धरून सरळ रेघ मारता आलेली नाही. मला ठेवलं होतं ते इंग्रजीवर आणि तोंडावर. फ्रेमबद्दल मला इंटरव्ह्यूच्या दिवसापर्यंत एवढंच ठाऊक होतं, की फोटो आतल्या बाजूला असतो.

मेश्रामभाऊ नागपूरचे. पन्नाशी ओलांडलेले, उंच, आणि टेबलाच्या उंचीप्रमाणे कायमचे वाकलेले. भर जूनमध्ये, बाहेर उभ्या गाडीचं स्टिअरिंग हात लावू देत नाही तेव्हाही, पूर्ण बाह्यांचा शर्ट आणि मनगटाचं बटण लावलेलं. कामाला लागण्याआधी ते हात धुवायचे, पुसायचे आणि ऑपरेशनला निघालेल्या डॉक्टरसारखे वर धरून पंख्याखाली उभे राहायचे. मग चित्र उलगडायचं, कोपऱ्यांवर वजनं ठेवायची, खिशातून भिंग काढायचं आणि मोजायला लागायचं. लांबी-रुंदी नव्हे. माणसं.

प्रत्येक जॉब कार्डावर त्यांच्या तिरप्या अक्षरात पहिली ओळ असायची, ‘माणसं – सात’. किंवा ‘माणसं – दोन, एक पाठमोरा’. समुद्राचं चित्र आलं तरी होडीत कोणी बसलंय का ते बघायचे. एकदा नुसत्या वाळवंटाचा फोटो आला. भिंग फिरवून फिरवून शेवटी त्यांनी लिहिलं, ‘माणसं – नाहीत. एक उंट. पायात दोरी आहे म्हणजे कोणीतरी जवळपास असावा.’

फोटो आणि फ्रेम यांच्यामध्ये जाड पुठ्ठ्याची जी चौकट असते, तिला आमच्या धंद्यात माउंट म्हणतात. तिचं काम फोटोला जरा मोकळी जागा देणं. पण फोटोच्या कडेला नको ते काही असेल तर ते तिच्याखाली गुपचूप दडवताही येतं. सगळेच फ्रेमवाले दडवतात. मेश्रामभाऊही दडवायचे: खांब, कचऱ्याचा डबा, कोणाची तरी सुकत घातलेली चड्डी, म्हणाल ते. माणूस मात्र नाही.

हे मला पहिल्याच महिन्यात कळलं. एका शेठच्या घरच्या लग्नाचा मोठा ग्रुप फोटो आला होता. मी माप घेतलं, कार्डावर ‘बावन्न माणसं’ असं ऐटीत लिहिलं आणि आत पाठवलं. थोड्या वेळानं मेश्रामभाऊ बाहेर आले आणि माझ्याच टेबलावरून शेठला फोन लावला.

“सेठजी, एकदम बाएं में चश्मेवाला एक आदमी कट रहा है. कौन है?”

पलीकडचा आनंद मला फोनबाहेर ऐकू आला. “कट रहा है? अरे काटो, काटो! मेरा साला है. तीन साल से मेरे खिलाफ कोर्ट में खड़ा है!”

“तो कोर्ट में काटो, सेठजी. फोटो में मैं नहीं काटता.”

मेव्हणा राहिला. शेठनं तो फोटो जिन्याखाली लावल्याचं नंतर कळलं. मेश्रामभाऊंनी फोन ठेवला आणि माझ्याकडं वळले. “परकारसाहेब, त्रेपन्न हायत. एका माणसाचा खून केला तुम्ही. आता चहा सांगा.”

एप्रिलात जयंती असायची. इथली मंडळी, कोणी टेक्निशियन, कोणी ड्राफ्ट्समन, कोणी ऑफिसातले, एक हॉल घ्यायची. मेश्रामभाऊ पांढरा शर्ट, निळा टाय अशा थाटात. तसबिरीची फ्रेम त्यांची आणि ती भिंतीवर चढवायचा मानही त्यांचाच. सूत्रसंचालक दरवर्षी ‘दोन शब्द’ बोलायला बोलावणार आणि हे दरवर्षी खालूनच हात हलवणार, “तुम्ही बोला ना बाप्पा. खिळा पक्का हाय का नाही ते पाहून राह्यलो मी.” एका वर्षी मीही गेलो होतो, बिर्याणीच्या आशेनं. वांग्याची भाजी आणि वरणभात खाऊन तृप्त होऊन परतलो. वर एक जाडजूड पुस्तक भेट मिळालं, जे मी अजून वाचणार आहे.

त्या रात्री नव्हे, दुसऱ्या दिवशी जेवताना मी त्यांना विचारलं, “भाऊ, ही माणसं मोजायची सवय कुठली?”

“बाप शाळेत शिपाई होता,” ते डब्यातून मान वर न करता म्हणाले. “दरसाल शाळेचा फोटो निघे. बाप खुर्च्या लावे, पोरं उंचीनं उभी करे, मंग स्वतः जाऊन कडेला उभा राहे. फोटो हेडमास्तरच्या खोलीत लागे. इतके फोटो, पण एकाही फोटोत बाप नाही. फ्रेमवाल्यानं पुठ्ठ्याखाली घातला. एका सालचं फक्त कोपर दिसते. आम्ही पाहुण्यायले ते कोपर दाखवू.”

आणि हसले. काय करावं ते न कळून मीही हसलो. मग लाज वाटली, म्हणून ताक आणायला गेलो.

आता कर्नलची गोष्ट.

कर्नल अमेरिकन, सैन्यातून निवृत्त, कुठल्याशा कंपनीचा सल्लागार, अमवाजला समुद्राला लागून व्हिलात राहणारा. सभ्य माणूस. आमच्या पंख्यालासुद्धा ‘प्लीज’ म्हणेल असा. तो एक लांब नळकांडं घेऊन आला आणि त्यातून एका जुन्या चित्राची मोठी प्रत काढली. त्यांच्या देशानं इंग्रजांना हाकललं त्या पहिल्या लढाईतला एक जनरल. कर्नलचा खापरपणजोबा की त्याच्याही वरचा कोणी. निळा कोट, पांढरा घोडा, मागं तोफांचा धूर. आणि डावीकडं, कडेला, घोड्याचा लगाम धरून उभा एक काळा माणूस. डोक्याला फेटा.

फेटा बघून माझा ऊर भरून आला. “सर! इंडियन! तुमच्या जनरलकडं आमचा माणूस होता!”

कर्नल खाकरला. “नाही. तो... तो कुटुंबासोबत होता.”

“म्हणजे कझिन?”

कर्नलचे कान लाल झाले. मला वाटलं, उकडतंय. मी एसी वाढवला.

“तो जनरलसाठी काम करायचा,” कर्नल म्हणाला.

“अच्छा, ड्रायव्हर!” मी म्हणालो. आखातात जन्म गेलेल्या घरात वाढलेल्या माणसाला यापुढचा एकच प्रश्न सुचतो. “कंपनीचा व्हिसा?”

कर्नलनं हाताची कड चित्रावर ठेवली. “माउंट इथपर्यंत यायला हवं. फक्त जनरल आणि घोडा. प्लीज.” त्यांच्या स्वातंत्र्यदिनाची पार्टी होती, साठ पाहुणे, त्याआधी चित्र भिंतीवर हवं होतं. खाली पितळी पाटी, ‘सर्वांच्या स्वातंत्र्यासाठी लढलेला’ आणि जनरलचं नाव. काम आवडलं तर त्यांच्या कंपाउंडमधल्या सगळ्या घरांच्या फ्रेमा आमच्याकडंच. मी कार्डावर लिहिलं, ‘डावीकडून चार इंच आत. माणसं – एक.’

दहा मिनिटांत आतून हाक आली, “परकारसाहेब!”

मेश्रामभाऊंनी माझ्या मापानं पुठ्ठ्याचे तुकडे चित्रावर मांडून ठेवले होते. फेटेवाला गेला होता. पण त्याच्या हातातला लगाम कुठं जाणार? तो घोड्याच्या तोंडापासून ताणलेला निघाला होता आणि सरळ पुठ्ठ्यात शिरला होता.

“घोड्याले कोण धरून राह्यलं?” मेश्रामभाऊंनी विचारलं. “आपलं माउंट?”

“ड्रायव्हर होता हो त्यांचा, भाऊ.”

“ड्रायव्हर! याले रजा होती का बे? दोन सालानं घरचं तिकीट होतं का? हा पळाला असता तं कुत्रे सोडले असते याच्यामागं. गुलाम हाय हा, गुलाम. या जनरल लोकायनं इंग्रजायपासून स्वातंत्र्य घेतलं आन् घरी माणसं बांधून ठेवली. मालक मेला का यादी निघे. इतक्या गाई, इतके घोडे, इतकी माणसं.”

“तुम्हाला कसं माहीत?”

“आमच्या वस्तीतल्या वाचनालयात अमेरिकेतल्या काळ्यायच्या लढ्यावर भाषणं होत. आम्ही खाली सतरंजीवर बसून ऐकू. तू तवा म्हसळ्यात आंबे चोरत असशील.”

हे साफ खोटं होतं. मी तेव्हा जन्मलोच नव्हतो. जन्मल्यावर चोरले, आणि ते काजू होते.

मेश्रामभाऊंनी पुठ्ठ्याचे तुकडे उचलले आणि बाजूला रचले. “हे मी कापत नाही.”

इथं एक सांगायला हवं. त्यांचा व्हिसा त्याच महिन्यात संपत होता. नूतनीकरणाचे कागद आमच्या अर्बाबच्या, म्हणजे बहरीनी मालकाच्या, टेबलावर सहीसाठी पडले होते. नागपुरात मुलीच्या डॉक्टरकीची दोन वर्षं बाकी होती, आणि ती दोन वर्षं मेश्रामभाऊंना इथूनच ओढायची होती. पंचावन्नाव्या वर्षी नवा मालक शोधणं म्हणजे काय, हे सलमाबादमध्ये कोणाला समजावून सांगावं लागत नाही.

अर्बाब माणूस वाईट नव्हता. फक्त त्याला ‘कंपाउंडमधल्या सगळ्या घरांच्या फ्रेमा’ एवढंच ऐकू आलं होतं.

“मेश्राम, कस्टमर बोला काटो, तुम काटो. खलास.”

“अर्बाब, झाड काटो, दिवार काटो. आदमी मफी, आदमी नहीं.”

“ये आदमी दो सौ साल पहले मर गया!”

“इसीलिए, अर्बाब. वो खुद आ के बोल नहीं सकता ना.”

अर्बाबनं व्हिसाचे कागद उचलले, खणात टाकले आणि खण गुडघ्यानं बंद केला. “फ्रेम गुरुवार को जाएगा. कटिंग के साथ. नहीं तो तुम्हारा पेपर इधर ही सोएगा. यल्ला.”

मी ठरवलं, भाऊंच्या तत्त्वाला धक्का न लावता भाऊंची नोकरी वाचवायची. म्हणजे ते जेवून हात धुवायला गेले की माउंट आपणच कापून टाकायचं. कितीदा तरी बघितलं होतं. पट्टी ठेवायची, कटर तिरका धरायचा, ओढायचा. मी पट्टी ठेवली, कटर तिरका धरला आणि ओढला. पट्टी एकीकडं गेली, कटर दुसरीकडं गेला आणि मधल्या जागेत माझा अंगठा होता. पुठ्ठ्यावर जी खिडकी पडली तिला किती बाजू होत्या हे मी आजही सांगू शकणार नाही. चित्र सुदैवानं दुसऱ्या टेबलावर होतं. पण परदेशातून मागवलेल्या त्या पुठ्ठ्याचे दोनच ताव शिल्लक होते आणि त्यांतला एक मी रक्तानं माखला होता.

मेश्रामभाऊ परत आले. आधी माझ्या अंगठ्याला टेप गुंडाळली. मग म्हणाले, “परकारसाहेब, माह्यासाठी तुम्ही रक्त सांडलं. आता पुठ्ठा कुठून सांडता?”

मी माफी मागत होतो, पण त्यांचं लक्ष नव्हतं. बिघडलेल्या तावाच्या एका कडेला पाचेक इंच रुंदीचा लांब, कोरा तुकडा उरला होता. ते त्याच्याकडं बघत राहिले. मग हात धुतले, पुसले, पंख्याखाली धरले.

चांगल्या तावातून त्यांनी माउंट कापलं, पूर्ण चित्राचं. जनरल, घोडा आणि फेटेवाला, तिघंही मोकळे. आणि माझ्या रक्तबंबाळ तावाच्या कोऱ्या कडेतून एक सुटी पट्टी कापली, बरोबर चार इंचांची. फ्रेमच्या पाठीला चार क्लिपा लावल्या. पाठ उघडायची, पट्टी आत सरकवायची, पाठ बंद करायची, फेटेवाला गायब.

“मी झाकत नाही,” ते म्हणाले. “ज्याले झाकायचा हाय त्यानं स्वतःच्या हातानं झाकावा. त्याच्या तोंडाकडं पाहून.”

अर्बाबनं विचारलं, कटिंग झालं? मी म्हणालो, झालं. पट्टी कापलेली होतीच.

गुरुवारी आम्ही अमवाजला निघालो. एरवी डिलिव्हरीला मी एकटा जायचो. त्या दिवशी मेश्रामभाऊ धुतलेला शर्ट घालून गाडीत येऊन बसले.

“भाऊ, तिथं तुम्ही बोलू नका. मी बोलतो,” मी म्हणालो.

“तू बोलला म्हणून तं इथवर आलो.”

कर्नलनं स्वतः वेष्टन सोडलं. तिघंही जण प्रकट झाले. त्यानं आधी चित्राकडं पाहिलं, मग माझ्याकडं. मी समुद्राकडं पाहिलं. समुद्र तिथं फार सुंदर दिसतो.

मेश्रामभाऊ पट्टी हातात घेऊन पुढं झाले. “सर. धिस इज जनरल. धिस इज हॉर्स. व्हॉट इज नेम ऑफ धिस मॅन?”

मी मनातल्या मनात व्हिसा, मुलीची डॉक्टरकी आणि अख्खं कंपाउंड दफन केलं. कर्नलनं ‘माहीत नाही’ म्हटलं असतं तर विषय तिथंच संपला असता.

“आयझॅक,” तो म्हणाला. त्याच्या आजीकडं जुने कागद होते. जनरलच्या मालमत्तेची यादी. “त्यात त्याचं नाव आहे. एका घोडीच्या खाली आणि एका घड्याळाच्या वर.”

शांतता मला सोसत नाही, तो आमच्या घराण्याचा आजार आहे. “सर, इसाक! हे नाव आमच्यात पण असतं! माझा सख्खा चुलता इसाक. तोही घोड्याला अजिबात घाबरत नाही!” चुलत्यानं आयुष्यात एकदाच घोडा पाहिला, स्वतःच्या लग्नात, आणि तेव्हा तो टॅक्सीनं गेला.

कर्नल अचानक हसला. मग त्यानं चष्मा काढून पुसला आणि पुसतच राहिला.

मेश्रामभाऊंनी पट्टी पुढं केली. “बॅक ओपन, सर. धिस गो इन. यू पुट. आय नॉट पुट.” आणि आपले दोन्ही हात पाठीमागं बांधून उभे राहिले.

कर्नलनं पट्टी घेतली. उलटीपालटी केली. चित्राकडं पाहिलं. मग फ्रेम पालथी केली, क्लिपा फिरवल्या, पट्टी आत सरकवली आणि पाठ बंद केली.

“थँक्यू, सर,” मेश्रामभाऊ म्हणाले आणि डिलिव्हरीच्या कागदावर सही घेतली.

गाडीत मी कपाळाला हात लावला. “झाकलं की हो त्यानं!”

“झाकलं,” ते पट्टा लावत म्हणाले. “पण आता त्याच्या हाताले माहीत हाय.”

अर्बाबनं सही झालेला कागद बघितला, तरी खण उघडला नाही. त्याला कुठून तरी सुट्या पट्टीचं कळलं होतं. कुठून म्हणजे माझ्याकडूनच. मी ती त्याला आमच्या वर्कशॉपची नवी सोय म्हणून कौतुकानं सांगितली होती. “पार्टी होने दो,” तो म्हणाला. “कस्टमर खुश, तो साइन. इंशाल्ला.”

त्या दिवसांत मेश्रामभाऊंनी टेबलाचा ड्रॉवर आवरायला घेतला. जुने कटर, पेन्सिलींचे तुकडे, एक जुनी सुरी. विचारलं तर म्हणायचे, “साफसफाई करून राह्यलो.” मुलीचा फोन आला की बाहेर उन्हात जाऊन बोलायचे आणि आत आल्यावर कोणाच्या डोळ्यांत बघायचे नाहीत. मी विनोद करायचं बंद केलं होतं, यावरून काय ते समजा.

पार्टीनंतर दोन दिवसांनी कर्नल आला. काखेत वर्तमानपत्रात गुंडाळलेली पट्टी. ती त्यानं माझ्या टेबलावर ठेवली.

“पहिल्याच पाहुणीनं विचारलं, घोड्याला कोणी धरलंय? मी तिला काहीतरी सांगितलं,” तो म्हणाला. “मग दुसऱ्यानं विचारलं. त्याला वेगळंच काहीतरी सांगितलं. तिसऱ्यानं विचारलं तेव्हा पहिली बाई शेजारीच उभी होती.” त्यानं सगळ्यांसमोर फ्रेम उतरवली होती आणि पट्टी काढली होती. “काही पाहुणे लवकर गेले,” तो म्हणाला. “जेवण उरलं.”

त्याला आणखी एक पाटी हवी होती, आयझॅकच्या नावाची. आणि जनरलच्या पाटीवरचा ‘सर्वांच्या’ हा शब्द काढून ती पुन्हा करून हवी होती.

अर्बाब आतून कॉफी घेऊन धावत आला. “मेश्राम! दो प्लेट! यल्ला!”

मेश्रामभाऊ हात पुसत बाहेर आले. इतका निष्पाप चेहरा मी त्यांच्यावर कधी पाहिला नव्हता. “सॉरी सर. आय गो इंडिया. व्हिसा फिनिश.”

कर्नलनं अर्बाबकडं पाहिलं. नुसतं पाहिलं. खणाला आग लागली असावी तसा अर्बाबनं तो उघडला. सही त्यानं माझ्याच टेबलावर, माझ्याच पेनानं केली.

“साइज?” मेश्रामभाऊंनी पाट्यांबद्दल विचारलं आणि कर्नल विचारात पडलेला बघून स्वतःच लिहिलं, ‘दोन्ही सारख्या.’

अर्बाबचा राग मात्र कुठंतरी निघायलाच हवा होता. महागाचा ताव कोणी बिघडवला याची चौकशी झाली, आणि पुराव्यादाखल माझा अंगठा हजर होता. माझा करार त्याच महिन्यात संपत होता, तो संपला. आता मी अरादला एका कोल्ड स्टोअरच्या ऑफिसात बसतो. तिथं सगळं पेट्यांत असतं आणि मला काही कापावं लागत नाही. मेश्रामभाऊंशी फोनवर बोलणं होतं. मुलगी इंटर्नशिपला लागली आहे.

पण त्यांना डोळ्यांनी शेवटचं पाहिलं ते अमवाजला, पाट्या बसवायला गेलो तेव्हा. चित्र भिंतीवर उंच लावलेलं. मेश्रामभाऊ स्टुलावर चढलेले, तोंडात दोन स्क्रू. गुळगुळीत फरशीवर स्टूल सरकत होतं, म्हणून कर्नल खाली वाकून ते दोन्ही हातांनी घट्ट धरून उभा होता. मी दारात, रिकाम्या हातांनी. मला काहीही धरायला देऊ नये असं त्या घरात एकमतानं ठरलेलं होतं. बाहेर वर्कशॉपच्या ड्रायव्हरनं दोनदा हॉर्न दिला.

“भाऊ, चला, उशीर होतोय,” मी म्हणालो.

“थांब ना,” ते मागं न बघता म्हणाले. मग खाली, कर्नलला, “होल्ड टाइट, सर. वन मोअर स्क्रू.”